धाकटीनं पिक्चर केलाय, आता मालिका घ्यावी का पुढचा छोटा सिनेमा? सोलापुरातून या वाटेनं गेलेल्यांनी सांगा

अक्का_अशोकचौक

नमस्कार. माझी धाकटी बहीण २४ वर्षांची आहे आणि सिनेमात काम करायला लागलीय. घरात या क्षेत्रातलं कुणी नाही, अप्पा पॉवरलूमवर होते, आता गुडघ्यांमुळं घरीच असतात, मी लॅबमध्ये नोकरी करते. विचारायचं कुणाला हेच कळत नाही म्हणून इथं लिहितेय, जरा सविस्तर लिहिते म्हणजे सांगणाऱ्याला नेमकं सांगता येईल.

कॉलेजात असताना राज्य नाट्य स्पर्धेसाठी इथल्या एका ग्रुपनं तिला घेतलं. हुतात्मा स्मृती मंदिरात प्रयोग, पहिल्या वर्षी चार वाक्यांचं काम आणि दुसऱ्या वर्षी एकदम मोठं. ते बघून पुण्याच्या एका मुलानं फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थ्यांच्या शॉर्ट फिल्मसाठी बोलावलं. मग दुसरी, मग तिसरी. सकाळी साडेसहाच्या हुतात्मा एक्सप्रेसनं जायची आणि रात्री दहाला परत, मुक्काम असला की मैत्रिणीकडं. पैसे म्हणाल तर जाण्यायेण्याचा खर्च आणि जेवण, एकदाच दिवसाला हजार मिळाले होते. तीन केल्या त्यातली एकच आम्हाला पूर्ण झालेली बघायला मिळाली, बाकी दोनचं काय झालं कुणास ठाऊक.

त्यातूनच मग आपल्याच जिल्ह्यातल्या एका नवीन दिग्दर्शकाचा अख्खा सिनेमा मिळाला, त्यात मुख्य काम. विडी कामगार बाईचं. २८ दिवसांचं शूटिंग झालं, सगळी माणसं मिळून बावीस-तेवीस. चाळीस हजार ठरले, वीस दिले, वीस सिनेमा विकला गेला की. याला आता दीड वर्ष झालं. मधे एडिटिंगला पैसे संपले म्हणून पाच महिने सगळं थांबलेलं. आता पुण्याच्या एका फेस्टिव्हलला तो निवडला गेलाय, पुढच्या महिन्यात दाखवतील.

आणि नेमकं आत्ताच मुंबईच्या एका मालिकेचं विचारणं आलंय. हिरोईनच्या जावेचं काम, दिवसाला ४ हजार, महिन्याला वीसेक दिवस धरून चला म्हणले, एक वर्षाचा करार. दहा दिवसांत सांगायचंय. दुसरीकडं ज्यानं तिचा सिनेमा एडिट केला तो मुलगा स्वतःचा सिनेमा करायलाय मंगळवेढ्याकडं, ज्वारी काढायच्या दिवसातली गोष्ट आहे, त्याच्याकडं पैसे जवळजवळ नाहीतच पण काम फार चांगलं आहे असं ती म्हणते.

अप्पा म्हणतात घरी चालत पगार आलाय तर नाही कशाला म्हणायचं. ती काहीच बोलत नाही, रात्री गच्चीवर जाऊन बसते. तिच्या पुण्याच्या खोलीचं भाडं मी भरत होते, अजून दोन वर्षं भरायची माझी तयारी आहे पण त्यानं तिचं भलं होणार आहे का वाया जाणार आहे ते मला कळत नाही. ज्यांना माहितेय त्यांनी खरं खरं सांगा.

नेपथ्य

ताई, आधी धाकटीचं मनापासून अभिनंदन. मी हौशी रंगभूमीवर पस्तीस वर्षं सेट लावलेत, रंगभवनला, हुतात्माला, त्या आधी मिळेल त्या शाळेच्या हॉलमध्ये. त्यामुळं राज्य नाट्यमधून कॅमेऱ्यापर्यंत पोचलेली आपली पोर बघितली की काय वाटतं ते लिहून सांगता येणार नाही.

आपल्या गावाला ही वाट नवीन नाही हे अप्पांना जरूर सांगा. शशिकला जवळकर सोलापूरच्याच, जन्म १९३२ चा. वडिलांचा धंदा बसला, घरदार मुंबईला गेलं, लहानपणापासून स्टेजवर नाचगाण्याची सवय होती तेवढीच पुंजी. नूरजहाँनं बघितलं आणि १९४५ च्या 'झीनत' मधल्या कव्वालीत बसवलं. कव्वालीत बसलेल्या बायकांपैकी एक, बस्स. पहिलं फिल्मफेअर मिळालं ते 'आरती' साठी, तो सिनेमा १९६२ चा. मधली सतरा वर्षं मोजा. त्यात लहानमोठं पडेल ते काम आहे, संसार आहे, सगळं आहे.

अतुल कुलकर्णी इथल्या नाट्य आराधना या नाटकाच्या ग्रुपमध्ये घडले, त्यानंतर दिल्लीला एनएसडी म्हणजे राष्ट्रीय नाट्य विद्यालय, तिथून १९९५ ला बाहेर पडले, मग 'हे राम' आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार. जब्बार पटेल मूळ पंढरपूरचे, शाळा सोलापुरात. त्यांच्या 'जैत रे जैत' मध्ये जी स्मिता पाटील आपण बघितली ती सुरुवातीला दूरदर्शनवर बातम्या सांगायची आणि फिल्म इन्स्टिट्यूटच्या एका डिप्लोमा फिल्ममध्ये काम करून आलेली होती. तेव्हा विद्यार्थ्यांच्या फिल्म फुकटच्या असतात म्हणून त्या कमी समजू नका. तिथं तिला कॅमेरा कळला, तो घरी बसून कळला नसता.

माझं मत विचाराल तर मालिकेची घाई नको.

मालिकेतली_बार्शीची

नेपथ्य काका, तुमच्याबद्दल पूर्ण आदर ठेवून सांगते, घाई नको म्हणणं सोपं आहे हो, भाडं दर महिन्याला असतं.

अक्का, मी चार वर्षं मालिका केल्यात. दोन मोठ्या आणि मधे मधे तुकडे. तुम्हाला दोन्ही बाजू सांगते मग तुम्ही ठरवा. शिफ्ट बारा तासांची असते, मेकअपला त्याच्या आधी, सेट बहुतेक शहराच्या बाहेर म्हणजे दीड तास जाणं दीड तास येणं, सीन कधी कधी सकाळी हातात पडतो आणि अर्ध्या तासात उभं राहायचं. वीस दिवस म्हणलेत ते पंचवीस होतात, नाहीतर तुमचा ट्रॅक म्हणजे तुमच्या पात्राची गोष्ट बंद झाली की सहा होतात. आणि पैसे हातात यायला नव्वद दिवस. हे लक्षात घ्या, ४ हजार रोज म्हणजे पहिल्या तीन महिन्यांत शून्य आणि मुंबईचं डिपॉझिट, भाडं, रिक्षा सगळं खिशातून. खूप मुली इथंच अडकतात, नंतर पैसे येतात पण तोवर उधारी झालेली असते.

पण त्या पैशावर माझ्या भावाचं इंजिनिअरिंग झालं. आईचं ऑपरेशन झालं. आणि काम म्हणाल तर रोज रोज कॅमेऱ्यासमोर उभं राहून माझी भीती पार गेली, चार पानं पाठ करायला मला आता वीस मिनिटं लागतात. मालिका केली म्हणून नट वाईट होतो असं जे काही लोक बोलतात ते ऐकून फार वाईट वाटतं. पोट भरायला केलेलं काम कमी दर्जाचं नसतं.

करारात एक बघा, त्या एका वर्षात दुसरीकडं काम करायचं नाही असं असणार. सिनेमाला पंधरा दिवस सुट्टी मिळेल का ते तोंडी नाही, लिहून घ्या.

साउंडवाला

मी सिंक साउंड करतो, पुण्यात असतो, मूळ मोहोळचा. छोट्या सिनेमांवर सात-आठ वर्षं काम करतोय म्हणून एक गोष्ट माझ्या बाजूनं सांगतो जी सहसा कुणी सांगत नाही.

मोठ्या सिनेमात किंवा मालिकेत तुमचा आवाज, उच्चार हे सगळं गुळगुळीत करून घेतात. छोट्या सिनेमात आम्ही आवाज जागेवरच रेकॉर्ड करतो, नंतर डबिंग करायला पैसेही नसतात आणि करायचंही नसतं. म्हणजे ती जे बोलेल, जसं बोलेल, दम लागून बोलेल, ते तसंच्या तसं पडद्यावर जाणार. तिथं "काय करायलीस", "येऊलालेत", "होय की" हे ज्या पोरीच्या तोंडात आपसूक आहे तिची किंमत वेगळी असते. मी सेटवर बघितलंय, पुण्या-मुंबईच्या चांगल्या शिकलेल्या मुली आपली बोली महिनाभर घोकतात, शब्द बरोबर येतात पण हेल येत नाही. वाक्याच्या शेवटी आपण जो आवाज सोडतो ना तो शिकवता येत नाही. अशोक चौकात वाढलेल्या पोरीला तर तेलुगू कानावर पडलेली, कन्नड कानावर पडलेली, हे सगळं तिच्या आवाजात आहे. कुणीतरी तिला "आधी मराठी शुद्ध कर" असं सांगेल, सांगितलं असेलही. शुद्ध बोलायला जरूर शिकू दे, पण हे पुसू नका म्हणावं.

दुसरं फेस्टिव्हलचं. घरच्यांची एक अपेक्षा असते की फेस्टिव्हल झाला म्हणजे पुढच्या शुक्रवारी थिएटरला. तसं होत नाही. 'स्थळ' हा सिनेमा टोरांटोच्या फेस्टिव्हलला दाखवला गेला सप्टेंबर २०२३ मध्ये, तिथं आशियाई सिनेमांसाठीचा नेटपॅक पुरस्कार मिळाला, आणि आपल्याकडं थिएटरला लागला ७ मार्च २०२५ ला. म्हणजे पुरस्कार मिळालेल्या सिनेमालाही दीड वर्ष. त्यातली मुख्य मुलगी नंदिनी चिकटे नवीनच होती, बाकीचीही बरीचशी माणसं विदर्भातल्या गावातली. 'साबर बोंडं' ला जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेतल्या सनडान्स फेस्टिव्हलला जागतिक सिनेमाच्या विभागात ज्युरीचा सगळ्यात मोठा पुरस्कार मिळाला, तरी इथं लागायला सप्टेंबर आला. तेव्हा तो वीस हजारांचा दुसरा हप्ता डोळ्यासमोर ठेवून कुठलाही हिशेब करू नका. आणि सिनेमाची लिंक कुणाला देऊ नका, अगदी मामा-काकांनाही नाही. आधी कुठं नेटवर दिसला तर बरेच फेस्टिव्हल घेत नाहीत.

अक्का_अशोकचौक

सगळ्यांचे आभार. तीनदा वाचलं, अप्पांनाही वाचून दाखवलं. शशिकला सोलापूरच्या हे त्यांना माहीत होतं, कव्वालीचं नव्हतं.

साउंडवाले दादा, तुम्ही आवाजाचं लिहिलंत म्हणून तिनं ते काम कसं केलं ते सांगावंसं वाटतंय, कारण मी ते डोळ्यानं बघितलंय.

आमची आजी विड्या वळायची पण ती गेली तेव्हा धाकटी पाच वर्षांची. घरात कुणाला येत नाही. दिग्दर्शक म्हणला तू नुसतं हात हलव, आपण जवळून दाखवताना दुसऱ्या बाईचे हात दाखवू. ती नाही म्हणली. कुंभारीच्या वसाहतीत आमच्या ओळखीच्या एक मावशी आहेत, चाळीस वर्षं विड्या वळतात. शूटिंगच्या आधी दोन महिने ती रोज दुपारी तिथं जायची. पानं आदल्या रात्री भिजवायची, ओल्या फडक्यात बांधून ठेवायची, सकाळी पत्र्याचा साचा ठेवून कात्रीनं कापायची. मग मांडीवर सूप, सुपात तंबाखू, पानात चिमूट, वळून तोंड नखानं आत दुमडायचं आणि दोरा. ऐकायला एवढंच आहे. पहिल्या दिवशी चार तासांत अकरा विड्या झाल्या तिच्या आणि त्यातल्या सात मावशींनी सोडवून परत तंबाखू सुपात टाकली. मावशी दिवसाला हजार वळतात, आणि वळताना बघतही नाहीत, नातवाला ओरडतात, टीव्ही बघतात, शेजारणीशी तेलुगूत बोलतात, हात आपले चालूच.

घरी आली की तिच्या अंगाला तंबाखूचा वास, शिंका, डोळे लाल. बोटाची टोकं काळी पडलेली आणि नखाच्या कडेला कातडी निघालेली. मी लॅबमध्ये काम करते, मला ते बघवेना, म्हणलं बास कर आता. तर म्हणली अक्का, मला वळायला येऊन उपयोग नाही, वळताना मला दुसरं काहीतरी बोलता आलं पाहिजे, नाहीतर मी विडी वळणारी बाई नाही, विडी वळायचं काम करणारी मुलगी दिसेन. महिन्यानंतर एक दिवस ती माझ्याशी भांडत होती कशावरनं तरी आणि हात चालू होते, मला एकदम आजी दिसली. तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं की हिला हे खरंच येतंय.

त्या सीनला म्हणे सहा मिनिटं कॅमेरा बंदच केला नाही. मी अजून बघितलेला नाही.

म्हणून मला जीव तोडून वाटतं की हे वाया जाऊ नये. आणि बार्शीच्या ताई, तुमचं नव्वद दिवसांचं ऐकून धक्का बसला, आम्हाला कुणी हे सांगितलंच नव्हतं.

जेऊरकर

आमचं गाव नागराज मंजुळेंचं. अकलूजची रिंकू राजगुरू 'सैराट' च्या वेळी शाळेत होती, सिनेमा लागला एप्रिल २०१६ ला आणि त्याआधीच राष्ट्रीय पुरस्कारात तिचा विशेष उल्लेख झालेला. आपल्या जिल्ह्यातल्या पोरी काय करू शकतात ते अख्ख्या महाराष्ट्रानं बघितलंय. तुमची बहीणपण जाईल पुढं, मालिका बिलिका नको, थेट सिनेमा.

मालिकेतली_बार्शीची

जेऊरकर दादा, रिंकूचं कौतुक आहेच पण आपल्या भागातल्या प्रत्येक मुलीला "तू पुढची रिंकू" म्हणणं बंद करा अशी कळकळीची विनंती. मला चार वर्षं हे ऐकायला लागलं. 'सैराट' च्या मागं झी स्टुडिओ होता, राज्यभर पोचवायची ताकद होती. २८ दिवसांत बावीस माणसांनी केलेल्या सिनेमाचं गणितच वेगळं असतं, तिथं पहिल्या सिनेमानंतर फोन वाजेलच असं नाही, आणि नाही वाजला की मुलगी स्वतःला दोष देत बसते. एका रात्रीत झालेल्याची गोष्ट सगळ्यांना माहीत असते, दहा वर्षं टिकलेल्यांची कुणी विचारत नाही.

कोल्हापूरच्या उषा जाधव बघा. २००७ ला 'ट्रॅफिक सिग्नल' मध्ये छोटं काम, आणि 'धग' साठी उत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार, तो ६० वा म्हणजे २०१२ सालचा. २०१९ ला परत गोव्याच्या इफ्फी फेस्टिव्हलला उत्कृष्ट अभिनेत्रीचा रौप्य मयूर. मला त्यांच्याकडं बघून धीर यायचा.

जेऊरकर

बरोबर आहे ताई. मी प्रेमानंच लिहिलं होतं पण तुमचं म्हणणं पटलं.

पार्कचौक

साउंडवाल्या दादांचं बोलीचं म्हणणं छान आहे पण मला एक शंका आहे. बोली बोली करत तिला कायम गावाकडची, गरीब, रडकी बाईच देतील. पहिला सिनेमा विडीवाली, दुसरा ज्वारी काढणारी. पाच वर्षांनी तिला कुणी डॉक्टर, वकील, शहरातली मुलगी म्हणून विचारेल का? माझी मामेबहीण या कारणानं सोडून आली, चेहरा सावळा म्हणून तिला मोलकरणीशिवाय काम मिळेना. हे बोलायला नको वाटतं पण खरं आहे.

साउंडवाला

शंका अगदी रास्त आहे, आणि सावळ्या रंगाचं तुम्ही म्हणताय ते मी कास्टिंगला बसलेल्या लोकांच्या तोंडून ऐकलंय, राग येतो.

यावर मला सापडलेलं उत्तर म्हणजे अंजली पाटील. नाशिकच्या, पुण्याचं ललित कला केंद्र, मग एनएसडी. त्यांना २०१२ ला इफ्फीत उत्कृष्ट अभिनेत्रीचा रौप्य मयूर मिळाला तो श्रीलंकेच्या प्रसन्न वितानगे यांच्या सिनेमासाठी, त्यात त्या तमिळ बाई झाल्यात. नंतर तेलुगू सिनेमासाठी राष्ट्रीय पुरस्कारात विशेष उल्लेख. मराठी मुलगी श्रीलंकेतली तमिळ होऊ शकते कारण कान तयार आहे. अक्का, धाकटीला तेलुगू समजते का बोलताही येते? बोलता येत असेल तर ते प्रोफाइलमध्ये पहिल्या ओळीत लिहा. आणि तिला सांगा की या सिनेमातले सीन शोरीलला, म्हणजे आपल्या कामाच्या नमुन्याच्या व्हिडिओला, वापरायला मिळाले की त्याच्या शेजारी एक शहरी, साध्या कपड्यातला, प्रमाण मराठीतला सीन स्वतःच मोबाइलवर करून लावायचा. कास्टिंगवाला पहिली चाळीस सेकंद बघतो, त्यात दोन वेगळ्या बाया दिसल्या पाहिजेत.

वकीलबाई_जुळेसोलापूर

उशिरा आले धाग्यावर. कागदाचं थोडं सांगते.

सिनेमा कितीही छोटा असो, ओळखीतला असो, दोन पानांचा का होईना करार करा. किती दिवस, दिवस वाढले तर काय, पैसे कधी, प्रवास-मुक्काम कुणाचा, नाव टायटलमध्ये कुठं आणि कसं. "सिनेमा विकला गेला की" हे वाक्य धोक्याचं आहे, विकला म्हणजे नेमकं काय, ओटीटी, थिएटर का नुसता चॅनलचा हक्क, आणि त्यानंतर किती दिवसांत, हे लिहिलेलं पाहिजे. जवळिकीचे सीन असतील तर काय दाखवणार काय नाही हे आधीच कागदावर. नंतर एडिटिंगला बदल केला तर तिला विचारून.

मालिकेचा करार सही करायच्या आधी कुणाही वकिलाला दाखवा, माझ्याकडं पाठवायला संकोच करू नका, फी घेणार नाही.

आणि सुरक्षेचं. २०१३ चा कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा कायदा सिनेमाच्या सेटलाही लागू आहे. दहा किंवा जास्त माणसं कामावर असतील तर अंतर्गत समिती लागतेच, ती नसेल तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडं तक्रार करता येते, प्रत्येक जिल्ह्यात ती असते. सेटवर गेल्या गेल्या "तुमची समिती कोण आहे" हा प्रश्न शांतपणे विचारायची सवय तिला लावा. ऑडिशनला किंवा नाव नोंदवायला कुणी पैसे मागितले तर तिथूनच परत फिरायचं.

नेपथ्य

बार्शीच्या ताईंनी माझा कान धरला ते योग्यच केलं. माझी पेन्शन चालू आहे म्हणून मी घाई नको म्हणू शकतो, हे माझ्या लक्षात यायला पाहिजे होतं.

त्यामुळं एक प्रत्यक्षातलं सुचवतो. पोरीला सोलापुरात राहूनच थोडंफार मिळवता येईल असं काही उभं करू या. मुलांची नाट्यशिबिरं, शाळांची स्नेहसंमेलनं, बालनाट्य, याला चांगलं शिकवणारं माणूस कायम हवं असतं आणि दोन वर्षं राज्य नाट्य आणि एक सिनेमा केलेली मुलगी म्हणजे पालक आनंदानं पाठवतील. मी चार शाळांशी बोलतो. महिन्याचे आठ-दहा हजार झाले तरी ज्याला नाही म्हणायचंय त्याला नाही म्हणता येतं, तुमच्यावरचंही ओझं कमी होईल.

अक्का_अशोकचौक

काका, ते वाचून मला रडू आलं. तिला दाखवलं, ती तुम्हाला फोन करेल. तेलुगू तिला समजते सगळी, बोलते मोडकीतोडकी, आता कुंभारीत जाऊन सुधारलीय बरीच.

मालिकेवाल्यांना तिनं बार्शीच्या ताईंनी सांगितलं तसं मेलवर विचारलंय, फेब्रुवारीत पंधरा दिवस सोडणार का म्हणून. उत्तर आलं की कळवते.

अक्का_अशोकचौक

महिन्याभरानं लिहितेय, बरंच झालं मधे.

मालिकेचं उत्तर आलंच नाही. दोनदा फोन केला, बघतो म्हणले, आणि मग एक दिवस त्या मालिकेचा प्रोमो टीव्हीवर लागला, त्यात जावेच्या कामात दुसरी मुलगी. तारखा विचारल्या म्हणून गेलं का तसंही जाणारच होतं माहीत नाही. धाकटी त्या रात्री जेवली नाही. अप्पा मला बोलले, तुझ्या त्या इंटरनेटवरच्या लोकांनी घालवलं म्हणून. मी त्यांना काही बोलले नाही, मलाही तीन-चार दिवस तसंच वाटत होतं, खरं सांगते. बार्शीच्या ताईंनी त्या आठवड्यात रोज रात्री तिच्याशी फोनवर बोलून तिला सावरलं, ते मी आयुष्यभर विसरणार नाही.

मग फेस्टिव्हल. आम्ही तिघं हुतात्मानंच गेलो. अप्पा पुण्याला आठ वर्षांनी. तिथं सीट राखून ठेवत नाहीत, पास असला तरी रांग, आणि धाकटीला वाटलं होतं की आपल्याच सिनेमाला आपल्या वडलांना कुणीतरी आत बसवेल. नाही बसवलं. गुडघे धरून अप्पा पाऊण तास रांगेत उभे, मधे एका मुलानं स्वतःची बॅग खाली ठेवून तिच्यावर बसा म्हणलं तर नाही बसले.

आतमध्ये ते माझ्या शेजारी होते. तो सहा मिनिटांचा सीन आला. ती विड्या वळत नवऱ्याशी बोलतेय, तो घर सोडून सुरतला कामाला जाणार आहे, ही त्याला जा पण म्हणत नाही आणि थांब पण म्हणत नाही, नुसतं तंबाखूचा भाव, पोराची फी, कारखान्यात किती विड्या खराब म्हणून बाजूला काढल्या असलं बोलत राहते. कात्रीचा आवाज, दोरा तुटायचा आवाज, बाहेर कुणाचातरी लूम चालू. साउंडवाले दादा, तुम्ही लिहिलं होतं तसं, वाक्य संपताना ती आवाज सोडते तो आमच्या घरातलाच. हॉलमध्ये एक माणूस हललं नाही.

अप्पांनी माझा हात धरला आणि म्हणले, माझी आई अशीच बसायची. एवढंच. नंतर प्रश्नोत्तरं झाली, लोकांनी तिला बरंच विचारलं, एका बाईंनी विचारलं तुम्ही खरोखरच विडी कामगार आहात का, तेव्हा अप्पा पहिल्यांदा हसले. गाडीत परत येताना भिगवण गेलं तरी काही बोलले नाहीत, कुर्डुवाडीला चहा घेतला आणि विचारलं की त्या मंगळवेढ्याच्या पोराचा सिनेमा कधी आहे.

तो आता पुढं गेलाय, पैसे जमले नाहीत म्हणून या सुगीत होत नाही, ज्वारी काढणी हुकली की वर्ष गेलं. म्हणजे पुढच्या फेब्रुवारीपर्यंत हातात काहीच नाही. पण करार केलाय, वकीलताईंनीच करून दिला, पुढं ढकलला तर काय याचंही कलम आहे त्यात. तोवर ती काकांनी जमवून दिलेल्या दोन शाळांत शनिवार-रविवार मुलांना शिकवतेय, आणि मोबाइलवर ऑडिशन करून पाठवत असते, गेल्या महिन्यात अकरा पाठवल्या, एकाचं "बघतो" असं उत्तर आलं.

एक राहिलं. कुंभारीच्या मावशींना सिनेमा दाखवता येत नाही अजून, लिंक द्यायची नाही म्हणून, पण दिग्दर्शकानं फेस्टिव्हलसाठी दीड मिनिटाचा ट्रेलर केलाय तो धाकटीनं जाऊन त्यांना मोबाइलवर दाखवला. त्यांनी चष्मा लावून तीनदा बघितला. आणि म्हणल्या, सगळं चांगलं केलंस पण दोरा अजून जोरात ओढतेस, पान फाटतं त्यानं. काल दुपारी ती परत गेली होती तिकडं, सूप घेऊन.

नेपथ्य

अक्का, रविवारी शिबिराला मी येतो. घरी जुने चार स्पॉट आहेत, दोन चालू आहेत, पोरांना लाइट कसा पडतो ते दाखवू. धाकटीला म्हणावं एक्स्टेन्शन बोर्ड तेवढा घेऊन ये.

साउंडवाला

फेब्रुवारीच्या शूटिंगला साउंडला माणूस ठरला नसेल तर दिग्दर्शकाला माझा मेसेज करायला सांगा. पैशाचं नंतर बघू, पण कागद करू.